ला योरोना: मेक्सिकोची रडणारी बाई आणि तिची पाचशे वर्षांत बदलत गेलेली गोष्ट

'कोको' हा ॲनिमेशनपट पाहिला असेल, तर शेवटाकडचा एक प्रसंग आठवत असेल. मृतांच्या दुनियेतल्या भल्यामोठ्या रंगमंचावर मामा इमेल्दा चुकून प्रकाशझोतात सापडते. समोर हजारो प्रेक्षक आणि पाठलागावर माणसं, म्हणून ती गायला लागते. त्या गाण्यात पुन्हा पुन्हा एक नाव येतं, 'योरोना'.

चित्रपट जगभर पाहिला गेला, गाणंही गाजलं. पण हे नाव मेक्सिकोतल्या सगळ्यात प्रसिद्ध भुताचं आहे, हे आपल्याकडे अनेकांना माहीत नसतं. मेक्सिकोच नव्हे, ग्वाटेमालापासून व्हेनेझुएलापर्यंत आणि अमेरिकेतल्या टेक्सास, न्यू मेक्सिको, कॅलिफोर्नियापर्यंत 'ला योरोना' माहीत नसलेलं स्पॅनिश बोलणारं घर सापडणं अवघड आहे. ही गोष्ट नेमकी काय आहे, ती आली कुठून आणि दर पिढीला ती नव्याने का सांगावीशी वाटते?

नावाचा अर्थ

स्पॅनिशमध्ये 'योरार' म्हणजे रडणं. त्यावरून 'योरोना' म्हणजे सतत रडणारी बाई. 'ला' हे स्त्रीलिंगी नामाआधी लागणारं उपपद. स्पॅनिशमध्ये हे नाव दोन 'एल' अक्षरांनी सुरू होतं, त्यामुळे अनेकजण ते 'लोरोना' असं वाचतात. मेक्सिकोत मात्र त्याचा उच्चार 'य' असा होतो.

बहुतेकांना ठाऊक असलेली गोष्ट

एका गावात एक देखणी पण गरीब मुलगी राहत होती. बहुतेक ठिकाणी तिचं नाव मारिया सांगतात. एक श्रीमंत तरुण तिच्या प्रेमात पडतो. जुन्या काळातली गोष्ट असेल तर तो हमखास स्पॅनिश सरदार असतो आणि ती स्थानिक किंवा मिश्र वंशाची. त्यांना दोन मुलं होतात. काही वर्षांनी त्याचं येणं-जाणं कमी होतं. मग एक दिवस तो आपल्या बरोबरीच्या घरातल्या बाईसोबत दिसतो. मुलांशी दोन शब्द बोलतो, मारियाकडे मात्र बघतही नाही.

संतापाच्या भरात मारिया दोन्ही मुलांना नदीत बुडवते. भानावर येते तेव्हा मुलं प्रवाहात दिसेनाशी झालेली असतात. ती काठाने धावते, हाका मारते आणि शेवटी तिथेच जीव देते. स्वर्गाच्या दारात तिला एकच प्रश्न विचारला जातो, तुझी मुलं कुठे आहेत? उत्तर नसल्यामुळे तिला परत पाठवलं जातं. तेव्हापासून पांढऱ्या कपड्यांतली, लांब मोकळ्या केसांची ती बाई रात्री नदी, तळी आणि कालव्यांच्या काठी फिरते आणि 'आय, मिस इहोस!' म्हणून टाहो फोडते. म्हणजे, 'हाय, माझी लेकरं!'

याला जोडून मुलांसाठी एक इशारा ठरलेला असतो. रात्री पाण्याच्या काठी एकटी सापडलेली मुलं तिला आपलीच वाटतात आणि ती त्यांना ओढून नेते. आणखी एक समजूत सगळीकडे ऐकू येते. तिचा आवाज जवळून आला तर ती लांब आहे आणि लांबून आला तर ती अगदी जवळ आहे.

एक नाव, शंभर गोष्टी

वरची गोष्ट हा फक्त सगळ्यात जास्त चालणारा आराखडा. गाव बदललं की तपशील बदलतात. कुठे मुलं दोन, कुठे तीन, कुठे एकच तान्हं बाळ. कुठे ती मुलांना बुडवते, कुठे सुऱ्याने मारते. कुठे ती निर्दोष असते आणि मुलं पुरात वाहून जातात. कुठे तिचा चेहरा सुंदर, कुठे चेहराच नाही, तर कुठे तो घोड्यासारखा.

घोड्याच्या चेहऱ्याची योरोना लहान मुलांपेक्षा पुरुषांच्या मागे जास्त असते. रात्री दारू पिऊन घरी निघालेल्या किंवा बायकोला फसवणाऱ्या माणसाला ती पाठमोरी दिसते. तो मागे जातो, ती वळते आणि तो हादरून जातो. मध्य अमेरिकेतल्या 'सिग्वानाबा' नावाच्या दुसऱ्या भुताची गोष्ट इथे योरोनात मिसळलेली दिसते. लोककथांमध्ये असं नेहमीच होतं. एक भूत गाजलं की आसपासची लहानमोठी भुतं त्याच्या नावावर जमा होत जातात.

विजयाआधीचं रडणं: सहावा अपशकुन

या गोष्टीचं मूळ शोधताना बहुतेक अभ्यासक सोळाव्या शतकातल्या एका ग्रंथापाशी येऊन थांबतात. बेर्नार्दिनो दे साआगुन हा स्पॅनिश ख्रिस्ती मिशनरी १५२९ मध्ये मेक्सिकोत आला. नाहुआ लोकांची, म्हणजे ज्यांना आपण साधारणपणे ॲझ्टेक म्हणतो त्यांची भाषा तो शिकला. स्थानिक विद्वानांच्या मदतीने त्याने त्यांचा धर्म, रीतिरिवाज आणि इतिहास यांची नोंद केली. नाहुआत्ल आणि स्पॅनिश अशा दोन भाषांत, बारा भागांत लिहिलेलं हे काम आज 'फ्लोरेन्टाइन कोडेक्स' म्हणून ओळखलं जातं, कारण त्याची प्रत इटलीतल्या फ्लॉरेन्सच्या ग्रंथालयात आहे.

स्पॅनिश लोक येण्याआधी राजधानी तेनोच्तित्लानमध्ये आठ अपशकुन झाले, असं या ग्रंथाच्या बाराव्या भागात सांगितलं आहे. आकाशात आगीची ज्वाळा दिसली, देवळाला आपोआप आग लागली, तलावाचं पाणी उकळून घरात शिरलं. यातला सहावा अपशकुन म्हणजे रात्री ऐकू येणारी एक रडणारी बाई. आपल्या लेकरांचा विनाश जवळ आला आहे, त्यांना घेऊन कुठे जाऊ, असा तिचा आक्रोश होता.

१५१९ मध्ये एर्नान कोर्तेस मेक्सिकोच्या किनाऱ्यावर उतरला. १३ ऑगस्ट १५२१ रोजी तेनोच्तित्लान पडलं. युद्ध, उपासमार आणि युरोपातून आलेली देवी यांत असंख्य माणसं मेली. रडणाऱ्या बाईचं भाकीत खरं ठरलं, असंच कोणीही म्हणेल.

पण इथे एक महत्त्वाचा मुद्दा आहे. ही नोंद झाली ती शहर पडल्यानंतर काही दशकांनी. त्यामुळे हे अपशकुन खरोखर आधी झाले होते, की डोळ्यांदेखत जग कोसळलेल्या लोकांनी मागे वळून बघताना त्याला अर्थ लावण्यासाठी ते रचले, यावर इतिहासकारांमध्ये वाद आहे. अनेकांचा कल दुसऱ्या शक्यतेकडे आहे. तसं असेल तरी गोष्टीचं मोल कमी होत नाही. एवढ्या मोठ्या संहाराची आठवण ठेवताना लोकांना मुलांसाठी रडणारी आईच आठवली, हेही त्या काळाबद्दल खूप काही सांगतं.

या जुन्या रूपात एक गोष्ट मात्र कुठेच नाही. ही आई मुलांना मारत नाही. ती त्यांना वाचवायला धडपडते आहे.

देवी, पाळणा आणि गारगोटीचा सुरा

साआगुनच्या ग्रंथातच या रडण्याचा संबंध एका देवीशी जोडलेला आहे. तिचं नाव सिवाकोआत्ल, अर्थ 'सर्पस्त्री'. बाळंतपण आणि सुइणी यांची ती देवता. तिचा मान एवढा की तेनोच्तित्लानमध्ये राजाच्या खालोखाल असलेल्या अधिकाऱ्यालाही 'सिवाकोआत्ल' हाच किताब होता.

ही देवी पांढऱ्या कपड्यांत फिरायची, रात्री रडायची, अशी वर्णनं आहेत. सगळ्यात अंगावर येणारी नोंद बाजाराची आहे. ती पाठीवर पाळणा घेऊन बाजारात येते, पाळणा इतर बायकांजवळ ठेवते आणि नाहीशी होते. बायका आत डोकावून बघतात, तर बाळाच्या जागी गारगोटीचं पातं असतं, नरबळीसाठी वापरतात तसं. देवीला बळी हवा आहे, असा त्याचा अर्थ.

याच संस्कृतीत बाळंतपणाला लढाई मानलं जाई. बाळंत होताना मेलेली बाई म्हणजे रणात पडलेला योद्धा. तिच्या शवाचं बोट आणि केस ढालीला बांधले की शत्रू आंधळा होतो, अशी समजूत होती. त्यामुळे तरुण योद्धे ते पळवू नयेत म्हणून नातेवाइकांना शवाभोवती पहारा ठेवावा लागे. अशा स्त्रिया 'सिवातेतेओ' होत. भर दुपारपासून मावळतीपर्यंत सूर्याला वाहून नेण्याचा मान त्यांचा. पण ठरावीक दिवशी त्या चौरस्त्यांवर उतरत आणि मुलांना आजारी पाडत. त्या दिवशी आईवडील मुलांना घराबाहेर सोडत नसत.

मराठी वाचकाला इथे अळवंतीण आणि हडळ आठवल्याशिवाय राहणार नाही. बाळंतपणात गेलेली बाई भूत होते, ही समजूत महाराष्ट्रातही जुनी आहे आणि पाणवठ्यावरच्या साती आसरांची भीती गावोगावी आहे. या दोन प्रदेशांचा एकमेकांशी संबंध होता असा याचा अर्थ नाही. जिथे बाळंतपणात बायका मरत आणि विहिरी-नद्यांत मुलं बुडत, तिथे त्या दुःखाला आणि भीतीला मिळालेला आकार सारखा निघतो, एवढंच.

मालिन्चेवर आलेला आळ

योरोना म्हणजे ला मालिन्चे, असंही अनेकजण सांगतात. मालिन्चे ही इतिहासातली खरी व्यक्ती. १५१९ मध्ये ताबास्कोच्या किनाऱ्यावर स्थानिक सरदारांनी कोर्तेसला ज्या वीस स्त्रिया भेट दिल्या, त्यांत ही तरुण मुलगी होती. तिला नाहुआत्ल आणि माया या दोन्ही भाषा येत. थोड्याच काळात ती कोर्तेसची दुभाषी झाली आणि मोहिमेतलं सगळ्यात महत्त्वाचं माणूस ठरली. तिला कोर्तेसपासून मार्तीन नावाचा मुलगा झाला. कोर्तेसने तिचं लग्न दुसऱ्या स्पॅनिश माणसाशी लावून दिलं आणि १५२८ मध्ये लहानग्या मार्तीनला तो स्पेनला घेऊन गेला.

लोककथेने यातून वेगळीच गोष्ट उभी केली. कोर्तेस मुलाला नेणार म्हणून मालिन्चेने त्याला मारलं आणि ती रडत फिरू लागली. याला इतिहासात काहीही आधार नाही. मार्तीन मोठा झाला आणि स्पॅनिश सैन्यात लढला. पण मेक्सिको स्वतंत्र झाल्यावर मालिन्चेकडे परक्यांना सामील झालेली घरभेदी म्हणून पाहिलं जाऊ लागलं. 'मालिन्चिस्ता' हा शब्द आजही परदेशी ते सगळं चांगलं मानणाऱ्या माणसाला टोमणा म्हणून वापरतात. योरोनाचं पाप तिच्या माथी मारणं या रागाला सोयीचं होतं. भेट म्हणून देऊन टाकलेल्या मुलीपुढे दुसरा कोणता पर्याय होता, हा प्रश्न फार उशिरा विचारला गेला.

युरोपातून आलेला धागा

मग मुलांना मारणारी आई या गोष्टीत आली कुठून? लोकसाहित्याचे अमेरिकी अभ्यासक बेसिल कर्टली यांनी १९६० मध्ये एक निबंध लिहून लक्ष युरोपकडे वळवलं. जर्मन भाषिक प्रदेशात 'पांढऱ्या बाई'च्या कथा फार जुन्या आहेत आणि त्यांची नोंद पंधराव्या शतकापासून मिळते. त्यातली एक ओर्लामुंडेच्या सरदारणीची. विधवा झालेल्या या बाईचं एका सरदारपुत्रावर प्रेम बसतं. चार डोळे आडवे येतात म्हणून लग्न होत नाही, असं तो म्हणाल्याचं तिच्या कानावर येतं. त्याच्या मनात असतात त्याचे आईवडील. ती समजते आपली दोन मुलं, आणि त्यांना मारून टाकते. मेल्यावर ती पांढऱ्या कपड्यांत भटकत राहते.

त्याहून मागे गेलं तर ग्रीकांची मेडिया भेटते. नवऱ्याने दुसरं लग्न ठरवल्यावर सूड म्हणून ती स्वतःच्या मुलांना मारते. युरिपिडीसचं हे नाटक इसवी सनपूर्व ४३१ मधलं. प्रियकराचा दगा, वरच्या घरातली दुसरी बायको आणि मुलांचा खून हा सांगाडा युरोपात आधीपासून तयार होता. स्पॅनिश लोकांबरोबर अशा कथा समुद्र ओलांडून आल्या असणार.

आज बहुतेक अभ्यासक एकच मूळ शोधायच्या फंदात पडत नाहीत. रडणारी देवी आणि अपशकुन इथले, दगा आणि बालहत्या तिकडची. वसाहतीच्या तीनशे वर्षांत स्पॅनिश पुरुष, स्थानिक स्त्रिया आणि वारसाहक्क नसलेली त्यांची मुलं हे वास्तव रोजचं होतं. त्या वास्तवात दोन्ही धागे एकमेकांत विणले गेले.

शहर, तलाव आणि छापील योरोना

मेक्सिको सिटी तलावावर वसलेलं शहर. सभोवती पाणी, रस्त्यांइतकेच कालवे आणि वारंवार येणारे पूर. वसाहतकाळातल्या आख्यायिकेत रात्रीची घंटा झाली की पांढऱ्या कपड्यांतली बाई गल्ल्यांतून निघते, मुख्य चौकात गुडघे टेकून आक्रोश करते आणि तलावाकाठी पोचून विरून जाते. शहरातल्या रस्त्यांच्या आख्यायिका जमवणाऱ्या लुईस गोन्सालेस ओब्रेगोन यांच्या १९२२ च्या पुस्तकाने ही योरोना घरोघरी पोचवली.

त्याआधी एकोणिसाव्या शतकातल्या लेखकांनी तिला कवितेत आणलं होतं. कवी मानुएल कार्पिओच्या योरोनाने कोणालाच मारलेलं नाही. उलट तिचाच नवऱ्याने खून केला आहे. १८८५ मध्ये विसेन्ते रिवा पालासिओ आणि हुआन दे दिओस पेसा यांनी आख्यायिकांचा काव्यसंग्रह काढला. त्यातली लुईसा मात्र दगा दिलेल्या उमरावापायी मुलाचा जीव घेते आणि मृत्युदंड भोगते. दोन्ही गोष्टी एकाच शतकातल्या. एकीत बाई बळी आहे, दुसरीत गुन्हेगार. पुढे चालली ती दुसरी.

मुलांसाठी भीती, आईसाठी धाक

योरोनाचं सगळ्यात मोठं काम घरातलं आहे. नद्या, तळी आणि शेतीचे पाट ही लहान मुलांसाठी खरोखर धोक्याची जागा. न्यू मेक्सिकोतल्या जुन्या वस्त्यांत पाटाचं पाणी घरांजवळून वाहतं. अंधार पडल्यावर तिकडे जाऊ नका, हे हजारदा सांगून न ऐकणारं मूल 'योरोना येईल' म्हटल्यावर एकदाच ऐकतं.

पण मुलं या गोष्टीत स्वतःचंही काही घालतात. बेस लोमॅक्स हॉज या संशोधिकेने १९६८ मध्ये लॉस एंजेलिसमधल्या बालसुधारगृहातल्या मुलींच्या भुतांच्या गोष्टींवर लेख लिहिला. त्या मुलींच्या योरोना विद्रूप, जखमी आणि हरवलेल्या होत्या. घरापासून तुटलेल्या, आईपासून लांब राहणाऱ्या मुलींना मुलं हरवलेल्या आईची गोष्ट पुन्हा पुन्हा सांगावीशी वाटत होती. त्यांच्या गोष्टींत त्यांच्या स्वतःच्या आयुष्यातलं तुटलेपण उतरलं आहे, असं हॉज यांचं निरीक्षण होतं.

या गोष्टीचा धाक मोठ्या मुलींनाही असतो. श्रीमंत परक्या तरुणाच्या नादी लागू नकोस, पायरी सोडू नकोस, आणि आई झालीस की काहीही झालं तरी आईच राहा. पळून गेलेल्या बापाला गोष्टीत सहसा कसलीच शिक्षा होत नाही. त्याचं भूत कुठेही रडत फिरत नाही. पुढच्या लेखिकांनी बोट ठेवलं ते नेमकं याच जागेवर.

गाणं: इथे ती भूत नाही

'ला योरोना' हे लोकगीत दक्षिण मेक्सिकोतल्या वाहाका राज्याचं, तेहुआन्तेपेकच्या भागातलं. त्याचा एकच असा पाठ नाही. शेकडो कडवी आहेत आणि गाणारा आपल्या मनाने निवडतो. काही कडवी स्थानिक सापोतेक भाषेतही गातात. यातली योरोना मुलांना मारणारी बाई नाही. ती प्रेयसी आहे, दुःख आहे, कधी मृत्यूही आहे.

कोस्टा रिकात जन्मलेल्या आणि मेक्सिकोची झालेल्या चावेला वार्गास यांच्या खरखरीत आवाजाने हे गाणं अजरामर केलं. चित्रकार फ्रीदा काहलो यांच्यावरच्या २००२ च्या 'फ्रीदा' चित्रपटात त्यांनी स्वतः पडद्यावर येऊन ते गायलं. तेव्हा त्यांनी वयाची ऐंशी वर्षं ओलांडली होती. १९७४ मध्ये जोन बाएझ यांनी आणि २०१७ मध्ये 'कोको'ने हेच गाणं मेक्सिकोबाहेर नेलं.

पडद्यावरची योरोना

१९३३ मध्ये रामोन पेओन यांचा 'ला योरोना' आला. मेक्सिकोच्या बोलपटांतल्या पहिल्या भयपटांपैकी हा एक. त्यात भूतकाळात जाणारे दोन प्रसंग आहेत, एक वसाहतकाळातल्या दग्याचा आणि दुसरा मालिन्चेचा. म्हणजे मुळाविषयीचा वाद तेव्हाच पडद्यावर आला होता. पुढे १९६० मध्ये रेने कार्दोना यांनी आणि १९६३ मध्ये राफाएल बालेदोन यांनी तिच्यावर चित्रपट आणले.

२००२ मध्ये कॅलिफोर्नियातल्या दूध प्रक्रिया उद्योगाच्या मंडळाने तिला चक्क जाहिरातीत आणलं. रात्री घरातून रडत जाणारं भूत फ्रिज उघडतं, दुधाचा खोका हलवून बघतं आणि तो रिकामा निघाल्यावर पुन्हा रडू लागतं. ज्यांना गोष्ट माहीत होती त्यांना हसू आलं, बाकीच्यांना काहीच कळलं नाही. अमेरिकेतल्या लॅटिन कुटुंबांशी त्यांच्याच घरातल्या खुणेने बोलायचा तो प्रयत्न होता.

२०१९ मध्ये एकाच वर्षी दोन योरोना आल्या. हॉलिवूडचा 'द कर्स ऑफ ला योरोना' १९७३ च्या लॉस एंजेलिसमध्ये घडतो. त्याने जगभरात सुमारे १२ कोटी डॉलर कमावले. पण अचानक दचकवणारं एक साधं भूत एवढंच तिचं रूप उरलं, अशी टीकाही झाली.

दुसरी योरोना ग्वाटेमालाच्या हायरो बुस्तामान्ते यांची. ग्वाटेमालात १९६० ते १९९६ असं छत्तीस वर्षं यादवी युद्ध चाललं. संयुक्त राष्ट्रांच्या पाठिंब्याने नेमलेल्या आयोगाच्या अंदाजानुसार त्यात सुमारे २ लाख माणसं मारली गेली किंवा बेपत्ता झाली. ओळख पटलेल्या बळींपैकी ८३ टक्के माया आदिवासी होते. माजी लष्करशहा एफ्राइन रिओस मोन्त यांना मे २०१३ मध्ये वंशसंहार आणि मानवतेविरुद्धचे गुन्हे यांसाठी ८० वर्षांची शिक्षा झाली आणि अवघ्या दहा दिवसांत घटनात्मक न्यायालयाने ती रद्द केली. २०१८ मध्ये ते शिक्षा न भोगताच वारले.

बुस्तामान्ते यांच्या चित्रपटातला म्हातारा जनरल असाच सुटून घरी येतो. बाहेर बळींच्या नातेवाइकांची गर्दी हटत नाही. घरातले नोकर सोडून जातात आणि कामाला आल्मा नावाची शांत माया तरुणी येते. रात्री जनरलला रडणं ऐकू येऊ लागतं. या गोष्टीत मुलं पाण्यात बुडवली जातातच, पण बुडवणारे हात आईचे नसून सैनिकांचे आहेत. पाचशे वर्षांपूर्वीच्या सहाव्या अपशकुनातली आई इथे परत आली आहे, लेकरांसाठी रडणारी, पण निर्दोष. नोबेल शांतता पुरस्कार मिळालेल्या रिगोबेर्ता मेन्चू याही चित्रपटात दिसतात.

लेखिकांनी बदललेला शेवट

अमेरिकेत वाढलेल्या मेक्सिकन वंशाच्या लेखिकांनी, म्हणजे चिकाना लेखिकांनी, हे काम आधीच सुरू केलं होतं. ग्लोरिया आन्साल्दुआ यांनी १९८७ च्या 'बॉर्डरलँड्स' या पुस्तकात ग्वादालूपेची माता, मालिन्चे आणि योरोना या आपल्या समाजाच्या तीन माता मानल्या. पुढे त्यांनी मुलांसाठी एक गोष्ट लिहिली. आईच्या औषधाची वनस्पती शोधायला निघालेली प्रिएतिता जंगलात वाट चुकते आणि योरोना तिला मदत करते. लहानपणापासून जिची भीती घातली, तीच वाट दाखवते.

सान्द्रा सिस्नेरोस यांच्या १९९१ च्या 'वुमन हॉलरिंग क्रीक' या कथेचं नाव टेक्सासमधल्या खऱ्या ओढ्याचं आहे. लग्न करून तिथे आलेली क्लेओफिलास नवऱ्याचा मार खात असते आणि ओढ्याकाठी बसून योरोनाचा विचार करते. शेवटी ती मुलाला घेऊन घर सोडते. तिला नेणारी बाई स्वतःचा ट्रक चालवते आणि ओढा ओलांडताना मोठ्याने आरोळी ठोकते. ते रडणं नसतं. बाईच्या तोंडून असाही आवाज निघू शकतो, हे क्लेओफिलासला तेव्हा पहिल्यांदा कळतं.

ती खरी आहे का?

'योरोना कॅमेऱ्यात सापडली' असे व्हिडिओ सोशल मीडियावर अधूनमधून फिरत असतात. रात्रीच्या रानात बाईच्या किंकाळीसारखे आवाज येतात हे मात्र खरं आहे. विणीच्या काळात कोल्ह्याची आणि पूमाची मादी जे ओरडते, ते ऐकून धीट माणसाचीही गाळण उडते. पाण्याकाठी वाऱ्यामुळे आवाजाची दिशा आणि अंतरही नीट कळत नाही. जवळचा आवाज म्हणजे ती लांब, या समजुतीमागे हा अनुभव असू शकतो.

मेक्सिको सिटीच्या दक्षिणेला शोचिमिल्कोत जुन्या तलावाचे कालवे अजून शिल्लक आहेत. १९८७ पासून ते जागतिक वारसा यादीत आहेत. नोव्हेंबरच्या सुरुवातीला येणाऱ्या मृतांच्या दिवसाच्या सुमारास इथे दरवर्षी योरोनाचं नाटक होतं. प्रेक्षक रंगीत होड्यांत बसतात आणि अंधाऱ्या पाण्यावर प्रयोग रंगतो. सिवाकोआत्ल ही स्पॅनिश लोक येण्याआधी याच शोचिमिल्कोची मुख्य देवी होती. तलावाचा बहुतेक भाग केव्हाच आटवून टाकला आहे. देवीची देवळंही पाडून झाली आहेत. लेकरांसाठी रडणाऱ्या बाईचा आवाज ऐकायला मात्र लोक आजही तिकीट काढून त्याच पाण्यावर जातात.